विषय : डाव्या डोळ्याबाबत

अमरावतीच्या कचेरीसमोर अर्जनवीस म्हणून बसायला लागून मला तेव्हा एकोणीस वर्षं झाली होती. भातकुलीकडे आमची काळी जमीन आहे, ती भाऊ करतात. मला नांगरापेक्षा टाक हलका वाटला. माझं नाव खुशालराव. अर्ज लिहावा तर खुशालरावांनीच, असं लोक म्हणत, आणि ज्या दिवशी लोक म्हणत नसत त्या दिवशी मी स्वतः म्हणत असे. माझ्या अर्जातली विधवा नेहमी 'निराधार, निष्कांचन व दिवसेंदिवस खंगत चाललेली' असायची, मग ती समोर बसून भजी खात असली तरी. सरकारला दया येत नसते, ती आणावी लागते, असं माझं मत होतं. आजारी माणूस दाखवला तर साहेब कागद बाजूला ठेवतो. मरायला टेकलेला दाखवला तर निदान वाचतो.

एकसष्ट सालचा पोळा होऊन आठवडा झाला असेल. मोर्शीहून एक जोडपं माझ्या टेबलापाशी आलं. गृहस्थ पन्नाशीच्या आतले, खाकी कोट, पाठ ताठ. त्यांनी दोन्ही टाचा जुळवून सांगितलं, "नाईक देवमन सहदेव खंडारे, पेन्शनर." बाईंचं नाव चतुराबाई, हे त्यांनी स्वतःच सांगितलं, कारण नवऱ्याचं सांगून होईपर्यंत थांबायची त्यांना सवय नव्हती.

देवमनजींनी कोटातून एक कार्ड काढलं. 'निवृत्त सैनिक शुश्रूषा विमा.' दर महिन्याला पेन्शनीतून थोडे पैसे कापून सरकारनं त्यांचा विमा उतरवला होता. छापील रकाने होते : नाव, पलटण, हुद्दा, आणि मग 'विम्यात समाविष्ट अवयव'. त्यापुढे टपोऱ्या अक्षरात लिहिलेलं : उजवा डोळा.

मी कार्ड पाहिलं आणि मग त्यांचा उजवा डोळा पाहायला गेलो. तिथं डोळा नव्हता. चव्वेचाळीस साली ब्रह्मदेशात तोफगोळ्याचा तुकडा लागून तो गेला होता. राहिली होती नुसती खोबण.

"हा तं नाईच," मी म्हणालो.

"नाई म्हणूनच तं विमा हाय," देवमनजी म्हणाले.

योजना अशी होती. नोकरीत जो अवयव कामी आला, त्याच्या दवापाण्याचा खर्च जन्मभर सरकारचा. बाकीचं शरीर ज्याचं त्यानं सांभाळावं. त्यामुळे गेली अकरा वर्षं त्या नसलेल्या डोळ्याचा इलाज अगदी वेळेवर चालू होता. दर तीन महिन्यांनी थेंबांची बाटली यायची. वर्षातून एकदा डॉक्टर खोबणीत बॅटरी मारून 'सुधारणा नाही' असं लिहायचे. मागच्या साली तर चष्मासुद्धा मिळाला होता. तो त्यांनी मला दाखवला. उजव्या बाजूला जाड, उत्तम काच. डाव्या बाजूला नुसतं रिंगण.

"इकडची काच काहून नाई?"

"तो डोया सरकारी नाई ना," चतुराबाई म्हणाल्या. "तो घरचा हाय."

आता हा घरचा डोळा आजारी पडला होता. अकोल्याच्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी तपासून काचबिंदू सांगितला. सहा महिन्यांच्या आत ऑपरेशन झालं तर जेवढं दिसतं तेवढं टिकेल. नंतर ब्रह्मदेव आला तरी काही करता येणार नाही. खर्चाचा आकडा ऐकून देवमनजी तसेच उठले होते. वर्षाची पेन्शन घातली तरी पुरत नव्हती.

"हा डोया गेला तं माही शाया बंद पडते," ते म्हणाले. मोर्शीला त्यांच्या वस्तीत, विहाराच्या ओट्यावर, ते रोज सायंकाळी मोठ्या माणसांना लिहायला शिकवत. पगार नाही, काही नाही. साठी उलटलेल्या म्हाताऱ्या पाटीवर 'ग' गिरवायच्या, आणि हे पाठीमागून वाकून पाहायचे. मला माणूस आवडला. मी त्यांना म्हणालो, चिंता करू नका, तुमची गाठ खुशालरावाशी पडली आहे. आज ते वाक्य आठवलं की मला माझीच कीव येते.

पहिला अर्ज मी सरळ मुद्द्याचा केला. उजव्या डोळ्यास मिळणारी सवलत अर्जदार स्वखुशीने सोडत असून ती डाव्या डोळ्याकडे वर्ग करावी. फौजेत माणसांच्या बदल्या होतात, तर सवलतीची का होऊ नये? पाच आठवड्यांनी उत्तर आलं : 'अवयवांची अदलाबदल नियमात बसत नाही. उजव्या डोळ्याचे थेंब पुढील तिमाहीपासून वाढवून देण्यात येत आहेत.'

दुसऱ्या अर्जात मी तर्क लढवला. उजवा डोळा गेल्यावर अर्जदारानं पलटणीच्या कोठारात आणखी दोन वर्षं नोकरी केली. ती संपूर्ण नोकरी एकट्या डाव्या डोळ्यानं केली. म्हणजे तोही फौजी डोळा आहे, उलट दोघांचं काम एकट्यानं ओढल्यामुळेच तो थकला आहे. हा अर्ज लिहून मी स्वतःवर इतका खूष झालो की दोनदा वाचून दाखवला. उत्तर आलं : 'डाव्या डोळ्याने स्वतंत्रपणे सेवा बजावल्याचा, कमांडिंग अधिकाऱ्याच्या सहीचा दाखला जोडावा.'

एव्हाना दिवाळी होऊन गेली होती. 'आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन' ही म्हण ज्यानं केली, त्याचं काम कधी कचेरीत अडलं नसावं.

मी देवमनजींना घेऊन शुश्रूषा विम्याच्या कचेरीत गेलो. तिथले हेडक्लार्क रामराव माझ्या ओळखीचे. वाईट माणूस नव्हे. घरी कोणी आजारी पडलं तर रडणारा, पण नियमाबाहेर बोट हलवायचं नाही, असा. बिचाऱ्याचंही काय चुकलं? चार वर्षांत वऱ्हाड तीन राज्यांत फिरलं, आणि प्रत्येक राज्यानं जाताना आपली नियमावली रामरावांच्या टेबलावर ठेवून दिली. त्या ढिगामागून त्यांचं फक्त टक्कल दिसे.

त्यांनी दीड तास पानं उलटली आणि एक कलम काढलं. विमेदार दोन्ही डोळ्यांनी पूर्ण अंध झाल्यास दोन्ही डोळ्यांचा इलाज विनामूल्य.

"पुरा आंधया झाल्यावर इलाज कायचा करता जी?" देवमनजींनी विचारलं.

"ते डॉक्टरचं काम हाय. आपून फकस्त कागद पाह्यतो."

"अन् कागदावर आंधया झाला, पन डोयात थोडकं बाकी हाय, तं?" मी विचारलं.

रामरावांनी बराच विचार केला. "तसं चालते असं कलमात लिवलं नाई," ते म्हणाले, "पन चालत नाई असंबी लिवलं नाई."

मला एवढंच पुरे होतं. बाहेर येऊन मी बैठक मारली आणि आयुष्यातला सर्वांत मोठा अर्ज लिहिला. अर्जदार दोन्ही डोळ्यांनी ठार अंध आहे. दिवस उजाडल्याचे त्यास केवळ कोंबड्याच्या आरवण्यावरून कळते. पत्नी बोलल्याखेरीज तीस तो ओळखू शकत नाही.

"म्या कवा बोल्ल्याबिगर राह्यली?" चतुराबाई म्हणाल्या.

देवमनजी मात्र अस्वस्थ झाले. "खुशालराव, हे खोटं हाय."

"खोटं नाई देवमनजी, आगाऊ हाय. दोन महिन्यानं आपोआप खरं होते."

देवमनजींनी कागद पुढे ओढला. त्यांनी टाक घेतला आणि सही केली. काय सही होती! 'नाईक देवमन सहदेव खंडारे', एकेक अक्षर कवायतीला उभं केल्यासारखं, आणि खाली एक सरळ रेघ. मी कौतुकानं पाहत राहिलो. एकोणीस वर्षं ज्यानं अर्ज लिहिले, त्या गाढवाच्या ध्यानात तेव्हाही आलं नाही.

रामरावांच्या मात्र लगेच आलं. "आंधया मानसाची सही? ओयीवर बसली हाय. खालून रेघबी मारली हाय."

नियम असा निघाला की अंध विमेदाराची सही ग्राह्य नाही. त्यानं दोन साक्षर साक्षीदारांसमोर डाव्या हाताचा अंगठा लावावा.

देवमनजींचा चेहरा एकदम दगडासारखा झाला. "डोये बांधा माहे," ते म्हणाले. "बांधून सही करतो."

रामरावांनी स्वतःच्या गळ्यातला रुमाल सोडून बांधला. देवमनजींनी हातानं कागदाची कड चाचपली आणि सही केली. रामरावांनी पेन्शनीच्या कागदावरची जुनी सही शेजारी धरली, भिंग लावलं, आणि मान हलवली.

"जुयते," ते दुःखानं म्हणाले. "आंधया मानसाची सही जुयत नसते. जुयली म्हंजे दिसते."

"अन् जुयली नसती तं?" देवमनजींनी विचारलं.

"मंग ते तुमची सही नसती."

आम्ही बाहेर आलो. मी म्हणालो, अंगठा लावून मोकळे व्हा, एक ठसा तो काय! देवमनजी माझ्याकडे वळले. त्यांचा आवाज मी तेवढा एकदाच चढलेला ऐकला.

"माह्या बापानं अंगठा लावला, त्याच्या बापानं लावला. कायच्यावर लावला ते त्यायले मरेपरेंत समजलं नाई. म्या पलटनीत सही शिकलो. छप्पन साली आमी बुद्धाच्या धम्मात आलो, तवापासून आमच्या वस्तीत एकबी अंगठा लागला नाई. रेशनवर नाई, सोसायटीत नाई. जो अंगठा लावन त्यानं सात रोज विहार झाडाचा, हा कायदा म्या बांधला. म्या! आता मीच लावू?"

"झाडजा मंग सात रोज!" चतुराबाई कडाडल्या. "अंगठा धुतला का शाई निंगते. डोया गेला तं कुठून आनसान?"

मोर्शीची मोटार येईपर्यंत दोघं एकाच बाकावर दोन टोकांना बसून होते. त्या दिवशी मला माझ्या टाकाचा मनस्वी राग आला. 'ठार अंध' न लिहिता 'जवळजवळ' लिहिलं असतं तर काय बिघडलं असतं? पण जवळजवळ हा शब्द मी कधी वापरलाच नव्हता.

पौषात मी त्यांना न विचारता, माझ्याच सहीनं, एक अर्ज केला. अलंकार नाही, कोंबडा नाही. 'एक डोळा लढाईत गेला. दुसरा जात आहे. ऑपरेशनने वाचेल. वाचवावा.' एकोणीस वर्षांत पहिल्यांदा मी जसं आहे तसं लिहिलं होतं. तो दहा दिवसांत परत आला. शेरा होता : 'अर्जात अर्जदाराच्या हालअपेष्टांचा पुरेसा तपशील नाही.'

संक्रांतीनंतर देवमनजी आले ते माझ्या टेबलावर आपटले. दौत सांडली. टेबल एकोणीस वर्षं त्याच जागी होतं. ते उठून सरळ उभे राहिले आणि म्हणाले, "काल शायेत जाईबाईनं पाटी दाखवली. कोरी वाटली मले. म्या म्हनलं, लिव ना माय. ते म्हने, लिवलं मास्तर." मग म्हणाले, "चाला. लावतो."

कचेरीत मी तोच 'ठार अंध'चा अर्ज पुन्हा उतरवून दिला आणि रामरावांनी शाईची गादी पुढे सरकवली. देवमनजींनी अंगठा तिच्यावर टेकवला आणि कागदावर आणला, पण तो खाली जाईना. शेवटी त्यांनी तो एक डोळाही मिटून घेतला आणि दाबला. मी खिडकीबाहेर पाहिलं. लाज मला माझी वाटत होती.

"आता दोन साक्षर साक्षीदार," रामराव म्हणाले. एक मी झालो. दुसरा सापडेना; शिपायाला लिहिता येत नव्हतं आणि चतुराबाईंना, सही येत असूनही, बायको म्हणून चालणार नव्हतं.

"मी हाय ना," देवमनजी म्हणाले. "मी साक्षर हाय."

"तुमी तं अर्जदार."

"अर्जदार आंधया हाय. मी साक्षीदार. तुमच्या कलमात पाहा ना, चालते का?"

रामरावांनी कलम काढलं. साक्षीदार साक्षर असावा. चांगल्या वर्तणुकीचा असावा. अर्जदारास ओळखणारा असावा. तो अर्जदाराहून वेगळा असावा असं कुठंही लिहिलेलं नव्हतं. त्यांनी मागचं पान पाहिलं, पुढचं पाहिलं, आणि त्यांचा चेहरा उजळला. नियमात बसणारी गोष्ट सापडली की रामरावांना लेकीचं लग्न ठरल्यासारखा आनंद होई.

देवमनजींनी साक्षीदाराचे रकाने स्वतः भरले, नाक कागदाला टेकवून. अर्जदारास किती वर्षांपासून ओळखता : जन्मापासून. वर्तणूक : चांगली. अर्जदाराशी नाते : इथं ते अडले. मग त्यांनी लिहिलं, 'सोबती', आणि खाली ती कवायतीची सही केली, रेघेसकट.

रामरावांनी समासात शेरा मारला : 'साक्षीदाराचे अक्षर उत्तम. दृष्टी चांगली असावी.' बाराव्या दिवशी मंजुरी आली.

फौजी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी कागद वाचलाच नाही, डोळा पाहिला. सरकारात अशी माणसं चुकून असतात. ऑपरेशन माघात झालं, मुदतीला चार दिवस उरले असताना. गेलेलं आलं नाही, पण होतं ते राहिलं. मोठं अक्षर जवळ धरून वाचता येऊ लागलं. परतल्यावर डोळ्यावर हिरवी पट्टी असतानाच देवमनजींनी सात दिवस विहार झाडला. वस्तीतल्या लोकांनी हात जोडले, मास्तर राहू द्या म्हणाले. ते ऐकेनात. चतुराबाई मागून फिरत सांगत होत्या, "इकडं राह्यला कचरा. अजून इकडं."

होळीच्या सुमारास ते पुन्हा माझ्याकडे आले. टेबलाला वळसा घालून नीट आले, ते पाहून मला इतकं बरं वाटलं की मी चहा मागवला.

"अजून एक अर्ज लिवाचा हाय," ते म्हणाले. "माहा अंगठा वापस पाह्यजे."

मला वाटलं, थट्टा करताहेत. पण थट्टा त्यांच्या स्वभावात नव्हती.

"काम झालं त्यायचं. आता तो कागद त्यायले कायले पाह्यजे? उद्या कोनी फाईल उघडन, अन् म्हनन का देवमन मास्तरानं अंगठा लावला होता. मी राह्यलो नाई तं सांगन कोन का मले सही येत होती?"

मी लिहिलं. विषय : अंगठा परत मिळण्याबाबत. अर्जदाराचा इलाज पूर्ण झाला असून, पूर्वी दिलेला अंगठ्याचा कागद परत करावा. अर्जदारास दिसते व सही करता येते. एवढंच. त्यांनी सही केली, यावेळी डोळे उघडे ठेवून, आणि स्वतःच पेटीत टाकून आले.

दीड महिन्यांनी ते लिफाफा घेऊन आले. फोडला नव्हता. माझ्यासमोर फोडला, कागद नाकाजवळ धरला आणि मोठ्यानं वाचू लागले. मी पुढे केलेला हात त्यांनी बाजूला सारला.

"'आपला अर्ज मिळाला. कार्यालयीन नोंदीनुसार आपण दोन्ही डोळ्यांनी पूर्ण अंध असल्याने आपल्या अर्जावरील सही ग्राह्य धरता येत नाही. सबब, दोन साक्षर साक्षीदारांसमोर डाव्या हाताचा अंगठा लावून नव्याने अर्ज सादर करावा, म्हणजे अंगठा परत करण्याबाबत विचार करता येईल.'"

एका अक्षराला अडखळले नाहीत. जावक क्रमांकसुद्धा वाचला. माझ्या तोंडून एक अस्सल भातकुलीची शिवी गेली. देवमनजींचं तिकडे लक्ष नव्हतं. ते कागदाच्या तळाशी पाहत होते, तिरका करून, उजेडात धरून.

"खुशालराव, हे पाहा बरं. सायबाची सही."

मी पाहिलं. सही नव्हती. जांभळ्या शाईचा रबरी शिक्का होता, जरा वाकडा पडलेला, एका बाजूनं फराटा ओढलेला.

"यानं तं अंगठाच लावला," देवमनजी म्हणाले.

मी खो खो हसलो. ते हसले नाहीत. त्या ठशाकडे बराच वेळ पाहून त्यांनी कागदाची हळूच घडी केली.

"कोनी शिकवलं नसन त्याले," ते म्हणाले. त्यांना खरोखरच वाईट वाटलं होतं.